हिरव्या बांबूवर

मूल बाहेर आलं होतं, वार आली नव्हती आणि रक्त थांबत नव्हतं.

सून भिंतीला पाठ टेकून बसली होती. तिच्याखालचं गोणपाट आधी भिजलं, मग त्याखालची गोधडी. मुलगी माझ्या मांडीवर होती, अजून नाळेनं आईला जोडलेली. ती एकदा रडली आणि गप्प झाली. नाळ माझ्या बोटांत होती. आधी तिच्यात ठोके लागत होते, आता तीही शांत झाली होती.

शेजारीण दारात उभी होती, तोंडावर पदर धरून. ती विदर्भातली. लूमच्या कारखान्यात बॉबिन भरायची.

"काय पाहून राह्यली वं बुढे? काप नं," ती म्हणाली.

"वार पडल्याशिवाय नाळ तोडत नाहीत."

"कोनं सांगतलं?"

"माझ्या आईनं."

"तुही माय मेली. हे बी मरून राह्यली. काप आन् चाल दवाखान्यात."

माझी आई सुईण होती. आमचं गाव तळोद्याच्या वर, सातपुड्यात. तिथल्या पाड्यांवर तिला बोलावणं यायचं आणि मी तिच्याबरोबर जायची. तिची एकच सक्त रीत होती. वार बाहेर पडली, डोळ्यांनी पाहिली, मग नाळ तोडायची. आधी तोडली तर वार आत चढते आणि बाईला घेऊन जाते. ही गोष्ट खरी की खोटी ते डॉक्टरांना विचारा. मला तेव्हा ती खरी होती. नाळ तोडली नाही तर सुनेला हलवता येत नव्हतं, हलवलं नाही तर ती तिथेच संपणार होती.

हे नवागामात झालं, गुजरातेतल्या तापीकाठच्या लूमच्या शहरात, प्लेगच्या साली. तापीचं पाणी खालच्या वस्त्यांत शिरून ओसरलं होतं. आधी उंदीर मेले, मग माणसं मेल्याच्या बातम्या आल्या. गणपती बुडवून लोक घरी आले नाहीत तोच गल्लीत सगळ्यांच्या तोंडी एक शब्द. औषधाच्या दुकानातल्या कॅप्सुली संपल्या, मग दुकानदारच गेले. आमच्या गल्लीत लूमच्या धडधडीनं जमीन रात्रंदिवस हलायची, मांडणीवरची भांडी वाजायची. लूम बंद पडले तशी जमीन थांबली आणि चालताना पाय चुकल्यासारखा वाटायला लागला. बोटीतून उतरलेल्या माणसाला होतं म्हणतात तसं.

लोक पळाले. खानदेशातले भुसावळच्या गाडीला लोंबकळून गेले, मराठवाड्यातले मिळेल त्या ट्रकमधून. गोडादऱ्यात माझे ओळखीचे होते, तेही रातोरात गेले. माझा मुलगाही पळाला. असं लिहिलं की त्याला राग येतो. तो म्हणतो, मी बायकोसाठी गावाहून जीप आणायला गेलो होतो. जीप आणायला गेलेला माणूस दिवाळीला परत येत नाही. ती पोटुशी, दिवस भरलेले, तिला त्या गर्दीत डब्यात चढवता येत नव्हतं हे मात्र खरं. म्हणून ती राहिली. ती राहिली म्हणून मी राहिले. शेजारीण राहिली कारण तिला जायला गावच नव्हतं. नवरा मेला तेव्हा दिरांनी घर घेतलं होतं. "मले प्लेग बी ओयखत नाय," असं म्हणून ती हसायची आणि मग खोकायची. लूमवरचे सगळेच खोकतात. धाग्याचा भुगा नाकातोंडात जातो. तो खोकला आम्ही ऐकून न ऐकल्यासारखा करायचो.

आम्ही जातीचे बुरूड. माझा नवरा होता तोवर दोघांनी मिळून टोपल्या केल्या, तो गेल्यावर मी एकटीनं. मासळीवाल्यांना टोपल्या, भाजीवाल्यांना डालकी, बांधकामावर पाट्या, लग्नसराईत सुपं. वर्षातून थोडं काम तिरडीचंही. कोणाच्या घरी मयत झालं की माणूस धावत येतो, त्याला दोन हिरवे बांबू द्यायचे, कामट्या द्यायच्या, बांधायला बेळ, म्हणजे बांबूच्या ओल्या पातळ पट्ट्या, द्यायच्या. बांधता येत नसेल तर जाऊन बांधून द्यायचं. माझा नवरा ते करायचा, त्याच्यानंतर मी. बायकांनी तिरडी बांधू नये असं काही जण म्हणाले. मग तुम्ही बांधा म्हटलं की मलाच पुढे करायचे. प्लास्टिकचे टब आले, टोपल्या कमी झाल्या. तिरडीचं काम तेवढं कमी झालं नाही.

सून उधन्यात जन्मलेली. गुजराती शाळेत सातवीपर्यंत गेलेली. साड्यांना लेस लावायचं काम घरी आणायची आणि ते छान करायची. बांबूला तिनं लग्नानंतर एकदा हात लावला, तिच्या नखात कुसळ घुसलं, बोट सुजलं, आणि तिनं मला सांगून टाकलं, "आत्याबाई, हे काम मी नाही करणार. तुम्हाला राग आला तर येऊ दे."

राग आला. पण तिनं तोंडावर सांगितलं होतं, मागून नाही. मी पुन्हा कधी म्हटलं नाही.

तिला दिवस गेल्यावर मी सूप विणायला घेतलं. आमच्यात मूल जन्मलं की नव्या सुपात ठेवतात. ते सूप विकायचं नसतं. ती माझ्यासमोर बसून लेस लावत होती. म्हणाली, "हे कशाला?"

"मुलाला ठेवायला."

"आणि नाळ कशानं तोडाल, तेही सांगा."

"बांबूच्या काडीनं. तुझ्या नवऱ्याचीही तशीच तोडलीय."

"म्हणूनच असा झालाय," ती म्हणाली. आम्ही दोघी हसलो. मग हसणं सोडून ती म्हणाली, "खरं सांगते आत्याबाई, माझं बाळ दवाखान्यात होईल. डॉक्टरच्या कात्रीनं. तुमच्या काडीनं नाही. शपथ घ्या."

मी शपथ घेतली नाही. बरं, एवढं म्हटलं.

गल्लीच्या टोकाला एक खासगी दवाखाना होता, तिथे तिचं नाव घातलं होतं. सकाळी कळा सुरू झाल्या तेव्हा मी तिला धरून तिथपर्यंत नेलं. दाराला कुलूप. कुलपावर धूळ नव्हती, म्हणजे कालपर्यंत कोणीतरी होतं. सून पायरीवर बसली आणि कुलपाकडे पाहून म्हणाली, "झालं. जिंकलात तुम्ही."

मोठा सरकारी दवाखाना लांब. रिक्षा एकही नाही. त्यातून लोक म्हणत होते, तिथे जो जातो तो प्लेग घेऊन येतो. म्हणून आम्ही घरी परतलो. मुलगी सरळ आली. त्यात मला काही करावं लागलं नाही. पुढचं मी वर लिहिलं आहे.

सुनेचे ओठ पांढरे झाले. ती म्हणाली, "मला झोप येतेय."

"निजू नको. डोया उघडा ठेव. मना संगे बोल." माझ्या तोंडून गावची बोली निघाली.

"काय बोलू?"

"शिव्या दे मला."

तिनं डोळे मिटले. त्यानंतर मी थांबले नाही. आईची रीत बाजूला ठेवली.

आता कापायचं कशानं. घरात ब्लेड होतं, गंजलेलं. दुकानं बंद. माझा कोयता होता, पण तो अंगणात पडून असायचा आणि अंगणात उंदीर फिरत होते. जिवंत फिरत होते, मेलेलेही मी दोनदा काठीनं उचलून टाकले होते. बाहेर भिंतीला लावलेले हिरवे बांबू होते. सगळं बंद व्हायच्या आधी सोनगडकडून शेवटची गाडी आली त्यातले. त्यांच्यावरूनही उंदीर गेले असणार. मला बांबूच्या सालीचा भरवसा नव्हता. भरवसा होता तो आतल्या बाजूचा. हिरव्या बांबूचं पेर दोन्ही गाठींना बंद असतं. ते उगवल्यापासून त्याच्या आत ना माणसाचा हात गेलेला असतो, ना वारा.

मी शेजारणीला पाणी उकळायला लावलं. दाराबाहेरच्या चुलीवर तिचं पातेलं आधीच होतं. तिनं त्यात गोधडीचा सुती दोरा टाकला. मी मुलीला आईच्या पोटावर ठेवलं, बाहेर जाऊन एक बांबू आडवा केला, उकळतं पाणी त्याच्यावर ओतलं, कोयत्यावर ओतलं, आणि एक पेर कापून काढलं.

बांबू फोडताना कोयता लागतो तो तोंडापुरता. एक घाव घालून तोंड उघडलं की दोन्ही भाग दोन हातांनी ओढायचे. तो आपला आपण फाटत जातो. मधल्या भागाला लोखंड लागतच नाही. तो मधला तुकडा घ्यायचा, त्याची हिरवी साल पातळ ओढून काढायची, आणि जी कडा मिळते तिच्यापुढे ब्लेड काही नाही. बुरडाच्या हाताला विचारा. माझ्या दोन्ही तळव्यांवर तिच्या खुणा आहेत. ती काडी मी पुन्हा पाण्यात घातली.

दोन ठिकाणी दोरा बांधला आणि मधून कापलं. नाळ दिसते मऊ पण कापायला चिवट असते, करकर वाजते. मुलगी सुटली आणि ओरडायला लागली. शेजारणीच्या तोंडून "अगं माय" निघालं.

"घे हिला. सुपात ठेव," मी म्हटलं.

ती दारातून हलली नाही. "माह्या हातात देऊ नको."

मला वाटलं विधवा म्हणून. आमच्याकडेही तसं मानतात, विधवेनं नवं मूल आधी घेऊ नये. मला चीड आली. "मीही विधवाच आहे. घे म्हणते ना."

"नाय म्हटलं नं बुढे. दुसरं काम सांग."

भांडायला वेळ नव्हता. मी मुलीला पुसलं, जुन्या लुगड्यात गुंडाळलं, सुपात ठेवलं. सुनेच्या पोटावर कपडा आवळून बांधला. आता तिला न्यायचं होतं.

माझी टोपल्यांची लारी होती, चार चाकांची. पण ती आखूड. माणूस झोपवलं तर पाय लोंबणार, आणि तिचे पाय वर ठेवायचे होते. रस्त्यात खड्डे, धक्के बसले तर रक्त आणखी जाणार. म्हणून मी दोन लांब हिरवे बांबू घेतले, त्यांच्यावर कामट्या आडव्या टाकल्या, ओल्या बेळानं आवळल्या, वर बांबूच्या चटईचा तट्ट्या घातला. हिरवा बांबू दबतो आणि धक्का खातो, वाळका खात नाही. ते सगळं लारीवर ठेवलं. तिला वर घेतलं, पाय पुढच्या बाजूला उंच केले, ती घसरू नये म्हणून छातीशी, कमरेशी आणि गुडघ्यांशी बांधली. अंगावर घालायला सुकं कापड उरलं नव्हतं. शेजारणीनं तिच्या घरून लूमवरचं कोरं पांढरं कापड आणलं, ते घातलं.

शेजारणीनं एकदा वरपासून खालपर्यंत पाहिलं. "बुढे, हे काय बांधलं तू?"

"चल," मी म्हटलं.

मी पाहिलं नव्हतं. खरोखर नव्हतं पाहिलं. माझे हात चालत होते आणि माणूस बांबूवर बांधायची एकच रीत त्यांना माहीत होती.

आमच्यात जिवंत माणसाला हिरव्या बांबूवर निजवत नाहीत. लहान मूलही कामाच्या बांबूवर लोळलं तर आई त्याला ओढून मारायची. मी असल्या गोष्टी फारशा मानत नाही. पण हे घडलं म्हणून लिहिते.

लारी शेजारणीनं ढकलली. मी एका हातानं सूप छातीशी धरलं आणि दुसरा हात सुनेच्या मनगटावर ठेवला. गल्लीत जी दोन-चार दारं उघडी होती ती आम्ही दिसताच बंद झाली. एका खिडकीतून बाई हात जोडताना दिसली. मला वाटलं, आमच्यासाठी देवाला हात जोडतेय. किती भली बाई.

रस्त्याच्या कडांना पांढरी पावडर मारली होती. कचऱ्याच्या ढिगांना आग लावलेली होती, धूर खाली लोळत होता. सरकारी दवाखाना उधन्याच्या बाजूला, तिकडे जायला रेल्वे ओलांडावी लागते. रुळांच्या अलीकडे पोरांनी बाकडी आडवी टाकून रस्ता अडवला होता. तोंडाला रुमाल, हातात काठ्या. आम्हाला पाहून ते मागे सरकले आणि तिथूनच ओरडले.

"ए माजी! आ बाजू नहीं! पाछां जाओ!"

"दवाखान्यात जायचंय," मी ओरडले.

"अब दवाखाने में क्या काम? मसान उस तरफ है!"

तेव्हा मी लारीकडे पाहिलं. दोन हिरवे बांबू, पांढरं कापड, तीन ठिकाणी बांधलेलं माणूस, पाय पुढे. मी आयुष्यभर जशी बांधली तशीच. चांगली घट्ट.

"अरे मेलेली नाही! बाळंतीण आहे!"

"सब ऐसाही बोलते हैं," एक जण म्हणाला. "लाश लेके इधर नहीं आने का. बस्ती में बच्चे हैं."

मी सूप वर केलं. मुलगी नेमकी झोपली होती. ते आणखी मागे गेले. त्यांना वाटलं असेल, तेही मेलेलं.

शेजारीण लारी सोडून पुढे झाली आणि बांधलेलं सोडायला लागली. पण ओल्या बेळाची गाठ ओढल्यावर सुटत नसते, ती कापावी लागते. कोयता घरी राहिला होता. तिनं वाकून छातीशी बांधलेली पट्टी दातांनी धरली. खोकला आला तशी तोंड वळवून लांब गेली, खोकून आली, पुन्हा दात लावले. तिच्या ओठातून रक्त आलं. पट्टीनं कापलं असेल असं मला वाटलं. पट्टी तुटली.

"ऊठ वं बाई, हात हालव," ती सुनेला म्हणाली. "हे लेकाचे तुले जाळाले धाडून राह्यले."

सुनेनं डोळे उघडले. तिनं आधी आभाळ पाहिलं, मग मला. मान वळवून पोरांकडे पाहिलं. तिचा आवाज बारीक होता पण रस्ता एवढा सामसूम होता की ऐकू गेला.

"हुं मरी नथी," ती त्यांना गुजरातीत म्हणाली. मेले नाही मी. मग माझ्याकडे बोट केलं. "आमने उतावळ छे." यांना घाई झालीय.

एक पोरगा रुमालाच्या आत हसला. दुसऱ्यानं त्याला काठी मारली. मग दोघांनी बाकडं पायानं सरकवलं, हात न लावता. आम्ही गेलो तेव्हा ते रस्त्याच्या पार पलीकडे उभे होते. जवळ कोणी आलं नाही. मदतीला तर नाहीच. त्यांना मी दोष देत नाही. मीही आले नसते कदाचित.

रूळ ओलांडताना लारी उचलावी लागली. शेजारणीनं पुढचं टोक खांद्यावर घेतलं. ती हडकुळी बाई, मला वाटलं मोडेल. पलीकडे गेल्यावर ती लारीला धरून वाकून उभी राहिली आणि बराच वेळ तिचा श्वास जाग्यावर आला नाही.

"काय झालं?"

"भुगा व्हय. चाल."

त्यानंतर मी एक गोष्ट केली. तुटलेल्या पट्टीच्या जागी कापड खोचलं आणि ते सुनेच्या हनुवटीपर्यंत ओढलं. पुढे उधन्याच्या रस्त्याला पोलीस होते, पावडर मारणारे होते, सामान घेऊन स्टेशनकडे पळणारे होते. आम्ही दिसलो की सगळे बाजूला होत होते. कोणी अडवलं नाही, कोणी काही विचारलं नाही. बाळंतिणीला एवढी वाट कोणी दिली नसती. तिरडीला दिली. मग मीही ती तिरडीच राहू दिली.

दवाखान्याच्या फाटकात पहारेकरी काठी घेऊन उठला. या वेळी सुनेनं वाट पाहिली नाही, कापड स्वतःच फेकलं. तिला आत घेतलं. तोंडाला फडकं बांधलेली एक डॉक्टर आली, वयानं मुलगीच म्हणावी अशी, आणि तिनं हात घालून वार काढली. सून अशी ओरडली की मला बरं वाटलं. मेलेलं माणूस एवढं ओरडत नाही.

नर्सनं मुलीची नाळ पाहिली. "कशानं कापली?"

"बांबूच्या काडीनं."

तिनं तोंड वाकडं केलं, औषध लावलं, इंजेक्शन टोचलं, दोरा काढून दुसरा बांधला. "ब्लेड मळत नहोतुं?" ब्लेड मिळत नव्हतं का, एवढंच विचारलं. मी नव्हतं म्हटलं. बाटलीभर रक्त चढवलं सुनेला. त्या दिवसांत तिथे माणसं होती आणि काम करत होती, हे लिहायला हवं. बाहेर बाकीचे पळत होते.

शेजारीण बाहेर पायरीवर बसली होती. मी तिला सांगायला गेले, दोघी ठीक आहेत म्हणून. ती खोकत होती. आता पदर बाजूला होता आणि पदरावर लाल होतं. ते बेळानं कापल्याचं नव्हतं. ओठ कापला तर एवढं येत नाही.

नर्स माझ्यामागून आली होती. तिनं खोकला ऐकला, लांबूनच तिच्या कपाळाकडे पाहिलं, मला हातानं मागे केलं. "कधीपासून?"

"परवापासून," शेजारीण म्हणाली.

परवापासून. म्हणजे मी मुलीला तिच्या हातात देत होते तेव्हा तिला ते माहीत होतं.

"मला का नाही सांगितलं?" मी विचारलं.

"सांगतलं असतं तं लारी कोनं ढकलली असती? तू? तुह्या हातात तं सूप होतं."

दोन माणसं आली, नखशिखांत झाकलेली. तिला उठवलं. ती चालत गेली, कोणाचा हात न धरता. व्हरांड्याच्या वळणावर थांबून म्हणाली, "बुढे, पोरीले माह्यं नाव देऊ नको. लय जुनाट नाव हाय. पोट्टे हासतील."

"बरं," मी म्हटलं.

मला आणि सुनेला, मुलीलासुद्धा, वेगळ्या खोलीत ठेवलं. औषधं दिली. रोज ताप पाहिला. सुनेला शुद्ध नीट आली तेव्हा ती म्हणाली की रूळ ओलांडताना तिला वाटलं होतं आपण मेलोय, आणि वाईट याचं वाटलं की मेल्यावरही सासू बरोबरच आहे. मी म्हटलं, मलाही तेच वाटलं. मग तिनं विचारलं, "ती कुठाय?" मी सांगितलं. ती भिंतीकडे तोंड करून पडली. मुलीला पाजायला दिली तर घेतली, पण तोंड वळवलं नाही.

मी पलीकडच्या वॉर्डाच्या दारापर्यंत जायची. आत सोडत नव्हते. झाडूवाल्याला विचारायची, विदर्भातली बाई, हडकुळी, आहे का. तो म्हणायचा, आहे. एक दिवस म्हणाला, नाही.

मी रिकामी लारी ढकलत नवागामला गेले. अंगणातला कोयता धुतला. त्या भिंतीच्या बांबूंपैकी चांगले सरळ दोन काढले. तट्ट्या नवा घेतला. बेळ भिजवून घेतलं. तिचं इथे कोणी नव्हतं आणि तिरडीला लागणारं सगळं माझ्या दारात होतं. लारीवर घालून पुन्हा रूळ ओलांडले. बाकडं आता नव्हतं, पोरंही नव्हती. एकटीला लारी उचलवत नव्हती तर एक टोक आधी, मग दुसरं, असं केलं.

दवाखान्यात सांगितलं, या रोगाची मयतं कोणाच्या हातात देत नाहीत. गाडी येते, घेऊन जाते. तिची सकाळीच गेली. कुठे, कोणाबरोबर, कोणाच्या शेजारी, ते कोणाला सांगता आलं नाही. मी विचारलं, अंगावर कापड घातलं होतं का. झाडूवाला म्हणाला, घातलं असेल. रोग प्लेगच होता का, हेही नक्की सांगितलं नाही. कोणी हो म्हणालं, कोणी म्हणालं फुफ्फुसं लूमच्या धुळीनं आधीच गेली होती. माझ्यासाठी त्यात फरक नाही.

लारी परत आणली. पाच-सहा दिवसांनी लोक परतायला लागले, लूम सुरू झाले, जमीन पुन्हा हलायला लागली. बाजार उघडला. ते दोन बांबू मी फोडले आणि त्यांच्या टोपल्या केल्या. हिरवा माल पडून राहिला तर त्याला कीड लागते. टोपल्या मासळीवाल्यानं नेल्या. त्या कुठल्या बांबूच्या होत्या हे त्याला कशाला सांगायचं.

शेजारणीच्या खोलीत दुसरं कुटुंब आलं. तिचं एक पातेलं माझ्याकडे राहिलं होतं, ज्यात दोरा उकळला ते. अजून आहे. डाळ शिजवायला बरं आहे. गल्लीतली एक म्हातारी मला म्हणाली की हिरव्या बांबूवर जिवंत बाई निजवलीस, बांबूनं कोणालातरी घेतलंच. मी तिला म्हटलं, बांबूला एवढी अक्कल असती तर त्यानं तुला नेलं असतं. त्यानंतर ती माझ्याशी बोलली नाही. पण रात्री पडल्या पडल्या तिचं बोलणं मला आठवायचं, हेही खरं.

मुलगा दिवाळीला आला, मिठाई घेऊन. सुनेनं मिठाई घेतली, डबा फळीवर ठेवला आणि उघडला नाही. मुंग्या लागल्यावर मीच फेकला. ती त्याच्याबरोबर नांदली, अजून नांदते. पण तो कुठे जातो म्हणाला की ती विचारते, "जीप आणायला का?"

बांबूला ती अजून हात लावत नाही. सूप मात्र तिच्याकडे आहे. गहू पाखडते त्यात. मुलीला शेजारणीचं नाव आम्ही दिलं नाही. नको म्हणाली होती.

त्या दिवशी नवागामहून लारीबरोबर चार बायका निघालो होतो. सून, तिच्या सुपातली मुलगी, मी आणि लारी ढकलणारी ती. सून जगली. मुलगी जगली. मी जगले.